मागची तीस सेकंदं

चाकणच्या कुठल्याही कंपनीत इंडस्ट्रियल व्हिजिटला गेलात की गेटवर पहिला कार्यक्रम काय असतो? सिक्युरिटीवाले काका आपला मोबाइल घेतात, पुढच्या-मागच्या कॅमेऱ्यावर स्टिकर चिकटवतात आणि रजिस्टरमध्ये सही घेतात. 'का?' म्हणून कोणी विचारत नाही. आत गेलं की भिंतीवर पाटी, आपण सीसीटीव्हीच्या देखरेखीखाली आहात. म्हणजे कोणी रेकॉर्ड करायचं, कोणी नाही आणि आत्ता रेकॉर्डिंग चालू आहे का, हे सगळं उघड्यावर ठरलेलं. त्याच संध्याकाळी आपण आकुर्डीला रूमवर येतो, गेम लावतो, आणि टेबलावरचा लॅपटॉप गुपचूप टिपत बसतो. ना पाटी, ना स्टिकर, ना सही!

उगाच पानं भरायची म्हणून हे लिहीत नाहीये. माझ्या हातून झालेली एक चूक आहे.

आधी ही भानगड काय आहे ते सांगतो. जुलै २०१५ मध्ये विंडोज १० आलं, तेव्हापासून त्यात गेम रेकॉर्ड करायची सोय आहे. विंडोजचं बटण आणि जी एकदम दाबलं की गेम बार उघडतो. त्यात एक पर्याय असा, की गेम चालू असेपर्यंत मागे रेकॉर्डिंग चालूच राहतं. सगळं साठवत नाही. शेवटची ठरावीक सेकंदं, बहुतेकांच्या लॅपटॉपवर तीस, तेवढी धरून ठेवतं, नवं आलं की जुनं सोडून देतं. काही भारी घडलं की विंडोज, ऑल्ट आणि जी दाबायचं. झालं! घडून गेलेली तीस सेकंदं फाइल होऊन कॅप्चर्सच्या फोल्डरमध्ये हजर. एनव्हिडियाचं इन्स्टंट रिप्लेही याच जातीचं. कल्पना झकास आहे, नाही कशाला म्हणू?

मीही ती चालू केली होती, आणि वर मोठी कॉमेंट्री करायच्या हौसेने माइकसुद्धा. कॉमेंट्री दोन दिवसांत संपली. माइक तसाच चालू राहिला.

थर्ड इयरला असताना एका रात्री मी एकट्याने समोरची पाचही माणसं उडवली. आयुष्यात पहिल्यांदा! हात थरथरत होते. बटणं दाबली, क्लिप सेव्ह केली, आणि ऐकून न बघता क्लासच्या ग्रुपवर टाकून दिली. दोन मिनिटांनी एकाचा पर्सनल मेसेज आला, 'अरे, आवाज ऐकलास का?'

मी हेडफोन लावून खेळत होतो, त्यामुळे मला कळलंच नव्हतं. माझ्या मागच्या कॉटवर माझा रूम पार्टनर घरी बोलत होता. त्याचा मोठा भाऊ चाकणला कॉन्ट्रॅक्टवर होता, त्याला ब्रेक दिला होता. आमच्या पट्ट्यात ब्रेक म्हणजे काय ते सांगायला नको. तो आईला म्हणत होता, 'दादाला काही बोलू नका, फीचं मी बघतो, कॉलेजात हप्ते मागतो.' गोळ्यांच्या आवाजात मधेमधे, पण शब्दन् शब्द कळत होता. क्लिप डिलीट केली. तोवर ज्यांनी ऐकायची त्यांनी ऐकली होती. त्याला मीच सांगितलं. तो एवढंच म्हणाला, 'ठीक ए, तू मुद्दाम नाही केलंस.' यापेक्षा चार शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

म्हणून माझं म्हणणं असं, की ज्या रूमवर तिघं-चौघं राहतात तिथे मागचं रेकॉर्डिंग बंद असावं. रेकॉर्ड करायचंच असेल तर ठरवून करा. विंडोज, ऑल्ट आणि आर दाबलं की सुरू, परत दाबलं की बंद. पार्टनरला सांगा, 'अरे, दहा मिनिटं चालू आहे.' तो गॅलरीत जाईल नाहीतर गप्प बसेल. त्याला तेवढा चॉइस तरी मिळेल.

यावर मित्र म्हणतात, भारी मोमेंट काय सांगून येतो का? बरोबर आहे, नाही येत. पण ती गेली तर माझ्या हातून एक क्लिप जाते. दुसऱ्या बाजूला जे जातं ते माझं नसतंच.

दुसरं कारण मशीनचं. बाबा भोसरी एमआयडीसीत मेंटेनन्सला आहेत. ते सांगतात, कॉम्प्रेस्ड एअरची गळती कामाच्या दिवशी कानाला लागत नाही. गुरुवारी, सुट्टीच्या दिवशी, शेड शांत असताना लाइन भरली की ठिकठिकाणी 'स्सस्स' ऐकू येतं. कॉम्प्रेसरची वीस-तीस टक्के हवा अशीच जाणं हे एनर्जी ऑडिटवाल्यांना नेहमी सापडतं. लॅपटॉपची गळती तर ऐकूही येत नाही. मी गेम चालू ठेवून टास्क मॅनेजरमध्ये जीपीयूचे आलेख उघडले, तेव्हा व्हिडिओ एन्कोडची रेषा हलताना दिसली.

आकडेमोड करून बघा. १९२० गुणिले १०८० चित्र, प्रत्येक पिक्सेलला तीन बाइट, सेकंदाला ६० फ्रेम. साधारण ३७३ मेगाबाइट दर सेकंदाला! ते दाबून बारीक करावं लागतं, आणि ते काम गेम चालवत असतानाच करायचं असतं. वेगळं ग्राफिक्स कार्ड आणि त्यावर एन्कोडर असेल तर फारसं जाणवत नाही. पण आपल्यातल्या निम्म्यांकडे प्रोसेसरमधलंच ग्राफिक्स, तेही रॅम वाटून घेणारं. तिथे फ्रेम अडखळतात, पंखा ओरडतो, आणि आपण नेटला शिव्या घालतो.

एक मात्र प्रामाणिकपणे सांगतो. 'एसएसडी उडेल' ही भीती जरा जास्तच आहे. रेकॉर्डिंग ५० मेगाबिटने थेट डिस्कवर लिहिलं जातंय असं धरा. तासाला साडेबावीस जीबी. रोज दोन तास, वर्षात ३०० दिवस (सबमिशनचे दिवस वजा केलेत, हसू नका), म्हणजे वर्षाला साडेतेरा टेराबाइट. सॅमसंग ९७० इव्होच्या ५०० जीबीवाल्या एसएसडीला कंपनीने ३०० टेराबाइटची हमी दिली होती. बावीस वर्षं लागतील. तोवर केटीसुद्धा सुटतील.

बरं, गेम बारला कुठल्याही सॉफ्टवेअरबद्दल 'हा गेम आहे हे लक्षात ठेव' अशी टिक करता येते. स्पॉन्सर्ड प्रोजेक्टवाल्यांनी ती जरूर तपासावी. कंपनीचं ड्रॉइंग कॅडमध्ये उघडलंय आणि लॅपटॉप त्याला गेम समजतोय असं व्हायला नको. गेटवरच्या स्टिकरचा मग काय उपयोग?

मोठ्या कंपन्यांनाही हे धडे मिळतातच. मायक्रोसॉफ्टने मे २०२४ मध्ये रिकॉल जाहीर केलं, स्क्रीनचे फोटो सतत काढून ठेवणारं. एवढी बोंब झाली की जूनमध्येच त्यांना सांगावं लागलं, स्वतःहून चालू केल्याशिवाय ते चालणार नाही.

बंद करायला दोन मिनिटं लागतात. सेटिंग्ज, गेमिंग, कॅप्चर्स. विंडोज १० वर 'रेकॉर्ड इन द बॅकग्राउंड' असं सुरू होणारं बटण, विंडोज ११ वर 'रेकॉर्ड व्हॉट हॅपन्ड'. ते ऑफ करा. तिथेच माइकचंही आहे, तेही बघा. एनव्हिडियावाल्यांनी ऑल्ट आणि झेड दाबून इन्स्टंट रिप्ले बंद करावं. ते वेगळं असतं, विंडोजचं बंद केलं म्हणून ते बंद होत नाही. मी पहिल्यांदा तिथेच फसलो होतो.

माझ्या लॅपटॉपवर आता दोन्ही बंद आहेत. पार्टनरला स्क्रीन समोर धरून दाखवलं. 'बरं केलंस' म्हणाला. पण रात्री घरून फोन आला की अजूनही चप्पल घालून टेरेसवर जातो.