कसारा लोकलमधले कुत्रे

कल्याण गेलं, की कसारा लोकलमध्ये जरा पाय ठेवायला जागा होते आणि खिशातले मोबाइल बाहेर निघतात. आधी चॅनेलवरची भांडणं, मग शेअर बाजाराचा घसरलेला आकडा आणि मग हमखास एखादा कुत्रा. टिटवाळा जातं, खडवली येते, तरी बोट त्याच्यावरच. कपाळावरची आठी मात्र गेलेली असते.

यात खुळेपणा काही नाही. अमेरिकेत २०१५ साली संशोधक जेसिका मायरिक यांनी सुमारे सात हजार लोकांना विचारलं, तेव्हा मांजरांचे व्हिडिओ पाहून तरतरी येते, काळजी कमी होते, असं त्या लोकांनी सांगितलं. (कुत्रेवाल्यांनी वाईट वाटून घेऊ नये.) मला कारण सोपं वाटतं. पडद्यावरच्या प्रत्येकाला आपल्याकडून मत तरी हवं असतं, नाहीतर पैसा. कुत्र्याला आपण बघतोय याचा पत्ताच नसतो. मालकाला असतो, तो भाग वेगळा! जपानच्या काबोसू नावाच्या कुत्रीच्या २०१० मधल्या एका तिरक्या नजरेच्या फोटोवरून जगभर विनोद झाले, पुढे डोजकॉइन नावाचं चलन निघालं. २०२४ च्या मे महिन्यात ती गेली, ती यातलं काहीही न कळता.

आपल्याकडचा मानकरी म्हणजे रतन टाटांचा ‘गोवा’. गोव्यात रस्त्यावरचा हा कुत्रा गाडीत येऊन बसला आणि थेट मुंबईत टाटांच्या मुख्यालयात, बॉम्बे हाऊसला पोचला. १० ऑक्टोबर २०२४ रोजी एनसीपीएत त्याला टाटांच्या अंत्यदर्शनाला आणलं, ते दृश्य घराघरांत पाहिलं गेलं. लगोलग ‘धन्याच्या विरहात गोवानेही प्राण सोडले’ असा मेसेज फिरला. साफ खोटा. शांत बसलेला कुत्रा आपल्याला पुरत नाही, त्याच्याकडून रडकी गोष्टही हवी असते.

याहून वाईट म्हणजे रील बघून हस्की विकत घेणं. सायबेरियाच्या बर्फात गाडी ओढणारं, अंगावर केसांचे दोन थर असलेलं जनावर. मे महिन्यात इथे माणसं भातसा नदीच्या पाण्यातून बाहेर यायला तयार नसतात आणि हा बिचारा तिसऱ्या मजल्यावरच्या बाल्कनीत धापा टाकत पडलेला.

तेव्हा हस्की मोबाइलमध्येच बघा, हवा तेवढा बघा. घरी कुत्रा हवाच असेल तर आपल्या गल्लीतलं एखादं पिल्लू आणा आणि आधी त्याला रेबीजची लस टोचून घ्या.