पिट्सबर्ग ‘सुधारलं’ म्हणजे नक्की काय झालं?

आमच्या विंगमध्ये फायनल इयर लागलं की एक साथ येते. जीआरईची. भिंतीवर युनिव्हर्सिट्यांची यादी चिकटते आणि कॉम्प्युटरवाला असो की मेकॅनिकलवाला, वरच्या तीन नावांत कार्नेगी मेलन असतंच. मग मेस आटोपल्यावर गप्पांत कुणीतरी ठरलेलं वाक्य टाकतो, “पिट्सबर्गकडून शिकावं राव! स्टील गेलं तर रोबोटिक्स आणलं. डेट्रॉइट बसलं रडत.” सगळे माना डोलावतात. मीही डोलवायचो. आता नाही डोलवत. का, ते सांगतो. संपादकांनी पान दिलंच आहे तर वापरून घेतो!

आधी जुनं पिट्सबर्ग. १७५८ साली इंग्रजांनी दोन नद्यांच्या संगमावरची ही जागा फ्रेंचांकडून घेतली आणि विल्यम पिट या आपल्या मंत्र्याचं नाव तिला दिलं. आसपासच्या डोंगरांत कोळसा, मालवाहतुकीला नद्या. १८७५ साली जवळच्या ब्रॅडॉकला अँड्र्यू कार्नेगीचा स्टील कारखाना सुरू झाला, बेसेमर पद्धतीचा. (तोच बेसेमर, ज्याची आकृती आपण परीक्षेत हमखास चुकवतो.) १९४० च्या दशकात धूर इतका असायचा की भर दुपारी रस्त्यावरचे दिवे लावावे लागत. आणि गाव हट्टी! १८९१ साली सरकारी मंडळाने नावाच्या स्पेलिंगमधला शेवटचा ‘एच’ काढून टाकला, तर लोकांनी तो १९११ साली परत मिळवला.

पण ही ओळख फुकट मिळालेली नव्हती. १८९२ साली होमस्टेडच्या कारखान्यात मजुरीवरून टाळेबंदी झाली. कार्नेगी स्कॉटलंडमध्ये होता, कारभार हेन्री फ्रिककडे. त्याने पिंकर्टन कंपनीचे सुमारे ३०० हत्यारी लोक नदीतून आणवले. गोळीबार झाला, दोन्हीकडची माणसं मेली, युनियन मोडली. पुढे १८९८ साली कार्नेगीने त्याच कामगारांना भलीमोठी लायब्ररी बांधून दिली. बारा-बारा तास भट्टीसमोर उभा राहणारा माणूस तिथे जाणार कधी, हे काही त्याने सांगितलं नाही. १९०० साली त्याने तांत्रिक शाळांसाठी पैसे दिले. हेतू हा की पिट्सबर्गच्या कामगारांच्या पोरापोरींनी काहीतरी कसब शिकावं. आपल्या भिंतीवरच्या यादीतलं कार्नेगी मेलन ते हेच!

आता मुद्द्यावर येतो. ‘स्टील गेलं म्हणून रोबोटिक्स आणलं’ हा क्रमच चुकीचा आहे. कार्नेगी मेलनमध्ये कॉम्प्युटर सायन्सचा विभाग १९६५ साली निघाला, रोबोटिक्स इन्स्टिट्यूट १९७९ साली. होमस्टेडचा कारखाना बंद पडला १९८६ साली. म्हणजे बरीच वर्षं दोन्ही एकाच वेळी चालू होती, गाडीने अर्ध्या तासाच्या आत. एकाचं दार दुसऱ्यासाठी उघडलं नाही, एवढंच. पन्नाशीचा भट्टीवाला उठून प्रोग्रॅमर झाला नाही. तो घरी बसला, आणि त्याचा मुलगा गाव सोडून गेला. १९५० साली शहराची लोकसंख्या ६,७६,८०६ होती, २०२० साली ३,०२,९७१. काही जण उपनगरांत गेले हे मान्य. तरी निम्म्याहून जास्त शहर रिकामं झालं, आणि याला आपण ‘सुधारलं’ म्हणतो! शहराने धंदा बदलला हे खरं. पण जुन्या धंद्यातल्या माणसाला नव्यात जागा मिळाली का, हा प्रश्न आमच्या विंगमध्ये कुणी विचारत नाही.

आणि डेट्रॉइट ‘रडत बसलं’? मिशिगन युनिव्हर्सिटी १८१७ साली डेट्रॉइटमध्येच निघाली होती. १८३७ साली ती अ‍ॅन आर्बरला गेली, मोटारीचा पत्ता नव्हता तेव्हा. हिला नशीब म्हणायचं की आळस? शिवाय गोरी वस्ती उपनगरांकडे निघून गेली, काळ्या लोकांचा ब्लॅक बॉटम हा मोहल्ला पाडून त्यावरून हायवे नेला. १८,४९,५६८ चे ६,३९,१११ झाले, मधे २०१३ साली दिवाळं निघालं. हे सगळं एका वाक्यात उडवायचं म्हणजे बॅकलॉगवाल्याला ‘अभ्यास नाही केला’ म्हणण्यासारखं.

गेलेल्या लोकांनी एक गोष्ट मात्र बरोबर नेली, फुटबॉलची टीम. स्टीलर्स १९७५ ते १९८० या काळात चार वेळा सुपर बोल जिंकले, त्याच सुमाराला कारखान्यांना घरघर लागली होती. ही पोरं पोटासाठी जिथे जिथे गेली, तिथे स्टीलर्सचे झेंडे लागले. हेल्मेटवरचं चिन्हही स्टील उद्योगाचंच. इकडे शहरात यू. एस. स्टीलची ६४ मजली इमारत आहे, मुद्दाम गंजणाऱ्या कॉर-टेन स्टीलची. २००८ पासून तिच्या माथ्यावर अक्षरं आहेत एका हॉस्पिटल साखळीची.

आमचा एक सिनियर सध्या तिथे एमएस करतोय. त्याला मेल टाकली, होमस्टेड पाहिलंस का? उत्तर आलं, “म्हणजे वॉटरफ्रंट ना? दर शनिवारी जातो की, सामान आणायला.” कारखान्याच्या जागेवर १९९९ साली ते शॉपिंग सेंटर झालं. मी विचारलं, तिथली ती बारा धुराडी? म्हणाला, “हां, ती! मला वाटलं डेकोरेशन आहे.”

पुढच्या शनिवारी त्याने फोटो काढून पाठवला. प्रिंट काढून मी तो भिंतीवर लावलाय, यादीच्या शेजारी.