गुलामगिरी कोणी संपवली?



धर्मग्रामाच्या सणाला, मुलांच्या भाषण स्पर्धेत आणि आता व्हॉट्सअ‍ॅपवरही एक यादी सतत फिरत असते. ख्रिस्ती धर्माने जगाला काय दिले? दवाखाने दिले, शाळा दिल्या, छापखाने दिले, आणि गुलामगिरी संपवली. मुले पाठ करून बोलतात, पालक टाळ्या वाजवतात. दवाखाने आणि शाळा यांच्याविषयी आज माझे काही म्हणणे नाही. माझा वाद शेवटच्या वाक्याशी आहे. ते वाक्य निम्मेच खरे आहे, आणि निम्मे खरे सांगण्याची आपल्याला सवय लागली आहे, कारण ती सोयीची आहे.

मग उरलेले निम्मे ऐकायला हवे.

१४५२ साली परमगुरू पाचवे निकोलस यांनी पोर्तुगालच्या राजाला एक आज्ञापत्र दिले. मुसलमान आणि इतर अख्रिस्ती लोकांना जिंकून कायमचे दास करण्याची मुभा त्यात होती. १४५५ साली दुसरे पत्र निघाले, त्याने पहिल्याला बळकटी दिली. आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून माणसे भरून नेणाऱ्या जहाजांच्या मालकांना यापेक्षा मोठा दाखला कोणता हवा होता? हे सारे दूरच्या युरोपातले, असे वाटत असेल तर आपल्या शेजारच्या गोव्याकडे पाहा. यान हायगेन व्हान लिन्सखोटेन नावाचा डच माणूस १५८३ पासून काही वर्षे गोव्याच्या आर्चबिशपांच्या पदरी चिटणीस होता. जुन्या गोव्याच्या मुख्य रस्त्यावरच्या बाजारात स्त्री-पुरुष गुलाम जनावरांसारखे कसे विकले जात, हे त्याने लिहून ठेवले आहे. त्याच रस्त्याने लोक मिस्साला जात होते.

आता दुसरी बाजू. ती सावकाश सांगायला हवी, कारण धर्मशिक्षणाच्या वर्गात ती आपण कधी सांगत नाही.

२१ डिसेंबर १५११, आगमनकाळाचा चौथा रविवार. कॅरिबियन समुद्रातल्या हिस्पॅनिओला बेटावर सांतो दोमिंगो हे स्पेनचे नवे ठाणे. चर्च भरलेले. पुढे सरकारी अधिकारी, जमिनी आणि खाणी असलेले मोठे लोक, खुद्द कोलंबसचा मुलगा दिएगो. डोमिनिकन संघाचे फादर आंतोनियो दे मोंतेसिनोस प्रवचनाला उभे राहिले. अरण्यात घोषणा करणाऱ्या योहानाचा उतारा त्यांनी घेतला होता, आणि या बेटाच्या अरण्यातला तो आवाज आज आपला आहे असे त्यांनी सांगितले. मग त्यांनी समोरच्या माणसांनाच विचारले, की इथल्या मूळ रहिवाशांना तुम्ही कोणत्या हक्काने राबवता आणि मारता? ती माणसे नाहीत का, त्यांना आत्मा नाही का? तुम्ही सगळे मरणप्राय पापात आहात, असे ते तोंडावर म्हणाले.

मिस्सा संपली आणि मंडळी मठावर चालून गेली. पुढच्या रविवारी शब्द मागे घ्या, नाही तर गाठोडे बांधा आणि स्पेनला परत जा, असा दम त्यांनी दिला. मठाचे प्रमुख पेद्रो दे कोर्दोबा यांनी शांतपणे सांगितले, की हे एकट्या मोंतेसिनोसचे प्रवचन नव्हे, आम्ही सगळ्यांनी मिळून ते ठरवले आहे. पुढच्या रविवारी माफी ऐकायला चर्च पुन्हा तुडुंब भरले. मोंतेसिनोस उभे राहिले आणि तेच पुन्हा बोलले. शिवाय एक भर घातली. वाटमाऱ्याला जशी आम्ही पापमुक्ती देत नाही तशी तुम्हालाही देणार नाही, राजाकडे खुशाल कळवा. तक्रार राजाकडे गेली. राजा संतापला, आणि स्पेनमधल्या त्यांच्याच संघाच्या वरिष्ठांनीही मठाचे कान उपटले.

त्या रविवारी ख्रिस्ती धर्म नेमका कोणाकडे होता? बोलणाराही ख्रिस्ती, ऐकून चवताळलेलेही ख्रिस्ती, सगळे एकाच वेदीवरून प्रभूचे शरीर घेणारे. "ख्रिस्ती धर्माने गुलामगिरी संपवली" असे म्हणताना आपण मनातल्या मनात मोंतेसिनोसच्या शेजारी जाऊन उभे राहतो. त्या चर्चमध्ये आपण खरोखर असतो तर कोठे बसलो असतो, हा प्रश्न भाषण स्पर्धेत येत नाही.

बार्तोलोमे दे लास कासास यांच्याकडेही तेव्हा अशीच राबणारी माणसे होती. माणसे ठेवतो म्हणून एका डोमिनिकन धर्मगुरूने त्यांना पापमुक्ती नाकारली होती. पुढे १५१४ साली क्युबात प्रवचनाची तयारी करताना बेनसिराच्या ग्रंथातला चौतिसावा अध्याय त्यांना टोचला. गरिबाच्या तोंडचा घास काढून केलेले अर्पण देवाला चालत नाही, असा त्याचा आशय. त्यांनी आपली माणसे सोडून दिली आणि उरलेले आयुष्य त्याच कामात घालवले. तेही निर्मळ नव्हते. मूळ रहिवाशांऐवजी आफ्रिकेतले गुलाम आणावेत अशी सूचना त्यांनीच एकदा केली होती, आणि पुढे तिचा त्यांना फार पश्चात्ताप झाला. १५३७ साली परमगुरू तिसरे पॉल यांनी मूळ रहिवासी पूर्ण अर्थाने माणसे आहेत आणि त्यांचे स्वातंत्र्य कोणी हिरावू नये असे जाहीर केले. खाणी चालूच राहिल्या.

प्रोटेस्टंट बांधवांची वहीही कोरी नाही. १७१० साली बार्बाडोस बेटावरचे कॉड्रिंग्टन कुटुंबाचे उसाचे मळे मृत्युपत्राने शुभवर्तमान प्रसारक संस्थेला मिळाले. त्या मळ्यांवरच्या गुलामांच्या छातीवर तापल्या लोखंडाने 'सोसायटी' हा शब्द डागला जाई. शुभवर्तमान पसरवणाऱ्या संस्थेचा शिक्का! याच संस्थेचे मिशनरी एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात आपल्या कोल्हापूर आणि अहमदनगर भागात आले आणि त्यांनी शाळा काढल्या. त्या शाळांत आपल्यापैकी अनेकांचे पणजोबा शिकले. दोन्ही गोष्टी एकाच संस्थेच्या आहेत. त्यातली एकच सांगून पुढे जाणे मला जमत नाही.

१८०७ साली लंडनमध्ये वेस्ट इंडीजच्या गुलामांसाठी एक खास बायबल छापले गेले. जुन्या कराराचा सुमारे नऊ दशांश भाग आणि नव्या कराराचा जवळजवळ निम्मा भाग त्यातून काढून टाकला होता. मोशे इस्राएल लोकांना मिसरातून बाहेर काढतो ती कथा गायब. ख्रिस्तात दास आणि स्वतंत्र असा भेद उरत नाही, हे गलतीकरांस लिहिलेल्या पत्रातले वचन गायब. दासांनी धन्याच्या आज्ञेत राहावे हे इफिसकरांस पत्रातले सांगणे मात्र जागच्या जागी. देवाचे वचन कोणाला झोंबते हे कापणाऱ्याला पक्के ठाऊक होते.

मग गुलामगिरी संपवली कोणी? १६८८ साली पेनसिल्व्हेनियातल्या जर्मनटाउन गावी चार माणसांनी आपल्याच क्वेकर मंडळीविरुद्ध निषेधाचा कागद सादर केला. सभेने तो बाजूला ठेवला. १७८७ साली लंडनमध्ये गुलामांच्या व्यापाराविरुद्ध समिती बनली, तिच्या बारा सभासदांपैकी नऊ क्वेकर होते, आणि क्वेकरांना तेव्हा पार्लमेंटमध्ये बसताही येत नव्हते. म्हणून बोलायला विल्बरफोर्स पुढे आले. आपल्या यादीत त्यांचेच नाव असते. स्वतः गुलामगिरी भोगलेल्या ओलाउदा इक्वियानो यांनी १७८९ साली आपली कहाणी छापली, त्यांचे नाव नसते. वेस्ट इंडीजची साखर घरात आणायची नाही असे ठरवणाऱ्या हजारो इंग्रज गृहिणींचे नसते. हळूहळू नको, आत्ताच हवे, असे १८२४ साली छापून सांगणाऱ्या एलिझाबेथ हेरिक यांचे नसते. स्त्रियांनी या कामात उघडपणे उतरणे खुद्द विल्बरफोर्सना पसंत नव्हते, हेही जाता जाता.

आणि सॅम शार्प यांचे तर नसतेच. जमेका बेटावरचे हे गुलाम बॅप्टिस्ट मंडळीचे डीकन होते, म्हणजे माझ्या-तुमच्यासारखे मंडळीत सेवा करणारे प्रापंचिक. ते वाचायला शिकले होते आणि न कापलेले बायबल त्यांच्या हाती होते. १८३१ च्या नाताळानंतर मजुरी मिळाल्याशिवाय काम करायचे नाही असे त्यांनी लोकांना पटवले. संपाचे बंड झाले. तीनशेहून अधिक गुलामांना देहदंड दिला गेला, मे १८३२ मध्ये शार्पही फासावर गेले. संतापलेल्या गोऱ्या ख्रिस्ती मळेवाल्यांनी बॅप्टिस्ट आणि मेथोडिस्ट प्रार्थनामंदिरे पाडली. पुढच्याच वर्षी, १८३३ साली, ब्रिटिश पार्लमेंटने गुलामगिरी बंद करण्याचा कायदा केला. नुकसानभरपाईचे दोन कोटी पौंड मंजूर झाले, ते मालकांना. गुलामांना एक पैसाही नाही. आपल्या भारतातला कंपनीचा मुलूख त्या कायद्यातून वगळला होता, इथे कायदा यायला १८४३ साल उजाडले.

कॅथॉलिकांची कथा याहून बरी नाही. १८३८ साली अमेरिकेत मेरीलँडच्या येशूसंघाने २७२ गुलाम लुईझियानातल्या मळेवाल्यांना विकले. १८३९ साली परमगुरू सोळावे ग्रेगरी यांनी गुलामांच्या व्यापाराचा निषेध केला, तेव्हा एका अमेरिकन बिशपांनी लगेच पत्रे लिहून समजावले, की हे फक्त व्यापाराबद्दल आहे, आपल्या घरच्या गुलामांबद्दल नाही.

कोणी म्हणेल, हे असे उघड्यावर लिहून विरोधकांच्या हाती कोलीत कशाला देता? त्यांच्या हाती ते केव्हाच आहे, प्रत्येकाच्या मोबाइलमध्ये आहे. आपली मुले कॉलेजात गेली की पहिल्याच वर्षी कोणी तरी त्यांना ते दाखवते, आणि घरी, चर्चमध्ये फक्त यादी ऐकलेले ते पोर गप्प होते. ख्रिस्ती म्हणजे गुलामांचे व्यापारी, असे म्हणणारेही बायबल कापणाऱ्यांसारखीच कात्री चालवतात. त्यांनाही सॅम शार्प नको असतो. पण त्यांच्याशी भांडण्याआधी माझे भांडण घरात आहे.

१६६७ साली व्हर्जिनिया वसाहतीने एक कायदा केला. बाप्तिस्मा झाल्याने गुलामाची स्थिती बदलत नाही, असे त्यात स्पष्ट लिहिले. म्हणजे आत्मा देवाचा, अंग मालकाचे. आता आपल्या घरातली वाक्ये ऐका. "धर्म एक असला म्हणून काय झाले, सोयरीक आपल्यात बघायची." "जात हा धर्माचा विषय नाही, समाजाचा आहे." शब्द निराळे आहेत, कायदा तोच आहे. तिरुचिरापल्लीच्या मेलपुदूर येथील कॅथॉलिक दफनभूमीत दलितांच्या कबरी वेगळ्या ठेवणारी भिंत उभी राहिली. ते तमिळनाडू आहे म्हणून आपण सुटलो असे समजू नये. डिसेंबर २०१६ मध्ये भारतातल्या कॅथॉलिक बिशपांनी दलित सक्षमीकरणाचे धोरण प्रसिद्ध केले आणि ख्रिस्तसभेतच जातिभेद आहे हे मान्य केले. ते किती घरांत वाचले गेले? गोव्यातल्या कॉन्फ्रारियांत कोणत्या जातीच्या माणसाने कोणत्या रंगाची वस्त्रे घालायची यावरून वाद झाले, ते जुन्या पिढीला ठाऊक आहे.

आपल्या बेळगावात १८३१ साली बाबा पदमनजी जन्मले. बाप्तिस्मा घेण्याआधी ते मुंबईच्या परमहंस सभेत होते. त्या गुप्त सभेत येणाऱ्याला जात मोडल्याची खूण म्हणून ख्रिस्ती माणसाच्या हातचा पाव खावा लागे. पावाचा तो तुकडा तोंडात घालताना त्या हिंदू तरुणांचे हात थरथरले असतील, घर तुटण्याची भीती होती. ख्रिस्ती हाताला जात नसते हे त्यांनी गृहीत धरले होते.

तेव्हा धर्मग्राम परिषदेपुढे माझे मागणे लेखी ठेवले आहे. वधू-वर नोंदणीच्या अर्जात 'मूळ समाज' असा एक रकाना आहे. तो कशासाठी आहे हे सगळ्यांना ठाऊक आहे, आणि भरताना कोणी चुकत नाही. पुढचे अर्ज छापायला टाकण्याआधी तो काढावा. काढायचा नसेल तर का काढायचा नाही, हे परिषदेने रविवारी मिस्सानंतर सर्वांसमोर सांगावे.