भाषण लिहिणारा नोकर की मालक?

"अमेरिकेच्या अध्यक्षाचं भाषणसुद्धा दुसरंच कुणीतरी लिहितं. मग आमच्या सरपंचबाईंचं त्यांच्या मालकांनी लिहून दिलं, तर एवढं काय बिघडलं?"

पिंपळनेर भागात सरपंचपतींचा विषय काढला की हे उत्तर ठरलेलं. पंचायत समितीच्या आवारात ऐकायला मिळतं, लग्नाच्या पंगतीत ऐकायला मिळतं, आणि बोलणारा आपण फार बिनतोड बोललो अशा चेहऱ्यानं बघतो. आपल्यातल्या काही जणी त्यावर गप्प होतात. गप्प होण्याचं कारण नाही. अमेरिकेचं नाव घेतलंच आहे, तर अमेरिकेचंच उदाहरण नीट उलगडून बघू.

पेगी नूनन नावाची एक बाई आहे. जन्म १९५० चा, न्यू यॉर्कच्या ब्रुकलिन भागातला, घर आयरिश कॅथलिक. सीबीएस या कंपनीत डॅन रॅदर या प्रसिद्ध वृत्तनिवेदकासाठी रोजचं रेडिओवरचं टिपण ती लिहायची. म्हणजे तिथेही शब्द बाईचे आणि आवाज पुरुषाचा. १९८४ साली ती अध्यक्ष रोनाल्ड रेगन यांची भाषणं लिहायला व्हाइट हाउसमध्ये गेली. ज्याच्या तोंडी आपण शब्द घालतो आहोत, त्या माणसाला समोरासमोर भेटायला तिला काही महिने वाट पाहावी लागली. २८ जानेवारी १९८६ ला चॅलेंजर यान आकाशात फुटलं आणि सात जण गेले. त्यात एक शाळेतली बाई होती, क्रिस्टा मॅकऑलिफ. देशभरच्या शाळांतली मुलं टीव्हीसमोर बसून ते बघत होती. त्या संध्याकाळी रेगन चार-पाच मिनिटंच बोलले. ते भाषण नूननचं. अमेरिकेत ते आजही नावाजलं जातं आणि श्रेय रेगन यांच्या खात्यावर आहे. (त्यातले सर्वांत गाजलेले शब्द नूननचेही नाहीत. दुसऱ्या महायुद्धात एकोणिसाव्या वर्षी मेलेल्या एका वैमानिकाच्या कवितेतून ते घेतलेले. शब्द कुणाकुणाच्या हातून फिरत येतात बघा.)

दोन वर्षांनी, १९८८ मध्ये, थोरले जॉर्ज बुश अध्यक्षपदाला उभे राहिले. उमेदवारी स्वीकारतानाचं त्यांचं भाषण पुन्हा नूननचं. नवे कर लावणार नाही, हे त्यातलं वचन साऱ्या देशाच्या तोंडी झालं. १९९० मध्ये बुशनी कर वाढवायला संमती दिली. मग १९९२ च्या निवडणुकीत विरोधकांनी ते वचन काढून काढून त्यांच्या तोंडावर मारलं आणि बुश पडले. लिहिणारीला कुणी जाब विचारला नाही, आणि ते बरोबरच होतं. बोलायचं की नाही हे बुशनी ठरवलं होतं.

आता आपल्या गावात या. भाषण लिहून देणारा नूननच्या जागी आहे म्हणता? नूनन पगारी होती. अध्यक्षाला तिचं वाक्य खोडता येत होतं, तिला घरी पाठवता येत होतं. आमची सरपंचबाई लिहून देणाऱ्याला घरी पाठवू शकते? ते घर त्याचं, सात-बारा त्याच्या नावावर, मोटरसायकलची किल्ली त्याच्या खिशात. निवडणुकीचा खर्च त्यानं केला आणि तो वसूलही त्यालाच करायचा आहे. अमेरिकेत लिहिणारी ही बोलणाऱ्याची नोकर होती. इथे लिहिणारा बोलणारीचा मालक आहे. आपल्याकडे नवऱ्याला मालक म्हणतात, ते उगीच म्हणत नाहीत.

आणि जबाबदारी? ग्रामपंचायतीच्या पैशाचा हिशेब जुळला नाही की चौकशीची नोटीस बाईच्या नावानं येते. ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम ३९ खाली पद जातं ते तिचं. अविश्वास ठराव येतो तो तिच्यावर. सह्या तिच्या असतात ना! तेव्हा लिहून देणारा बाजूला उभा राहून म्हणतो, "बाईमाणूस, तिला काय कळतं?" अमेरिकेत शब्द बाईनं दिले आणि सत्ता पुरुषाकडे गेली. इथे शब्द पुरुष देतो, सत्ता त्याच्याकडेच राहते आणि शिक्षेपुरती बाई पुढे केली जाते. दोन्हीकडे खुर्चीची ऊब कुणाला मिळते, ते मोजा. म्हणजे दाखला कुणाच्या बाजूनं जातो ते कळेल.

कुणी थोडा वाचलेला असेल तर तो रमाबाई रानड्यांना मध्ये आणतो. "त्यांचंही पहिलं भाषण न्यायमूर्तींनीच लिहून दिलं होतं की!" दिलं होतं. नाशिकला हायस्कुलातल्या समारंभात त्या पहिल्यांदा बोलल्या, ते भाषण माधवरावांनी लिहिलेलं. १८७३ साली अकराव्या वर्षी बत्तीस वर्षांच्या बिजवराशी लग्न झालेली मुलगी ती. शिकण्यावरून घरातल्या बायकांचा जाच तिनं किती सोसला, ते तिच्याच आठवणींत आहे. ते पुस्तक १९१० साली निघालं आणि ते तिनं स्वतः लिहिलं. १९०४ साली मुंबईत भारत महिला परिषदेच्या अध्यक्षपदी ती बसली, १९०९ मध्ये पुण्यात सेवासदन काढलं, बायकांना मत मिळावं म्हणून १९२०च्या आगेमागे ती बोलत हिंडली. तोवर न्यायमूर्तींना जाऊन कितीतरी वर्षं झाली होती. तेव्हा लिहून दिलेला कागद हा गुन्हा नाही. तो किती वर्षं लिहून दिला जातो, एवढंच विचारायचं. मुलाचं बोट धरून चालवतात, ते त्यानं पुढे बोट सोडावं म्हणूनच. आमच्याकडे पाच वर्षांची मुदत संपली, तरी बोट सुटत नाही.

पण नूननची गोष्ट इथे संपत नाही. पुढचा भाग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. १९९० मध्ये तिनं व्हाइट हाउसमधल्या दिवसांवर पुस्तक लिहिलं, आणि २००० पासून 'वॉल स्ट्रीट जर्नल' या धनिकांच्या दैनिकात ती स्वतःच्या नावानं सदर लिहिते. २०१७ मध्ये तिला त्यासाठी पुलित्झर पारितोषिक मिळालं. म्हणजे दुसऱ्याच्या तोंडून बोलणारी बाई अखेर आपल्या तोंडानं बोलू लागली. आपल्याला आनंदच व्हायला हवा. मग ती बोलली काय?

अमेरिकन माणसाची सभ्यता, श्रद्धा, कुटुंब, धैर्य, देशावरचं प्रेम, पुढाऱ्याचा सच्चेपणा. हे तिचे विषय. लिहिते सुरेख. सोपी, कानाला गोड लागणारी, स्वयंपाकघरातल्या टेबलाशी बसून बोलावी तशी भाषा. शिवाय ती भाट नाही, हेही सांगायला हवं. आपल्याच पक्षाच्या ट्रम्पवर तिनं खडसून टीका केली. फेब्रुवारी २०१६ मध्ये तिनं एक चांगला विचार मांडला. देशात दोन तऱ्हेची माणसं आहेत, एक सुरक्षित आणि एक असुरक्षित. धोरणं सुरक्षित लोक ठरवतात आणि त्यांच्या झळा असुरक्षितांना लागतात. हे वाचून पिंपळनेरच्या पश्चिमेकडच्या पाड्यावरून उसतोडीला गुजरातेत जाणारी बाई मान हलवील. तिला हे कुणी सांगायला नको.

मात्र या असुरक्षितांत बाई कुठे आहे, ते शोधा. ज्या रेगनसाठी तिनं शब्द घडवले, त्यांच्या पक्षानं १९८० मध्ये स्त्री-पुरुष समान हक्कांच्या घटनादुरुस्तीला दिलेला पाठिंबा जाहीरनाम्यातून काढून टाकला. ती दुरुस्ती १९८२ साली मुदत संपून अडकली. अडतीस राज्यांची मान्यता हवी होती, पस्तिसांवर गाडी थांबली. ती व्हाइट हाउसमध्ये गेली त्याच वर्षी, ऑगस्ट १९८४ मध्ये, रेगन सरकारनं ठरवलं की परदेशातली जी संस्था गर्भपाताबद्दल बायकांना सल्लासुद्धा देईल, तिला कुटुंबनियोजनाचा अमेरिकन पैसा मिळणार नाही. पुढे एक अध्यक्ष ही अट उठवतो, दुसरा परत लादतो. जानेवारी २०२५ मध्ये ट्रम्पनी ती पुन्हा लादली. गरीब देशांतल्या बाईच्या पोटाचा निर्णय असा वॉशिंग्टनमधल्या टेबलावर होतो. आणि जून २०२२ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं गर्भपाताचा जवळपास पन्नास वर्षांचा घटनात्मक हक्क काढून घेतला. त्याआधीच, मे महिन्यात, निकालाचा मसुदा फुटला होता. तेव्हा हे देशाच्या भल्याचंच होईल, अशी बाजू या विदुषीनं सदरातून मांडली.

हे तिचं मत आहे, तिला ते असू शकतं. बाई आहे म्हणून तिनं आपल्यासारखंच बोलावं असं मी म्हणत नाही. पण 'आपण अमेरिकन', 'आपली मूल्यं' या शब्दांतल्या 'आपण'चा ठाव घ्या. परक्या तोंडासाठी वर्षानुवर्षं 'आपण' लिहिलं की त्या 'आपण'मध्ये कोण नाही, हे विचारायची सवय जाते. अध्यक्षाचा 'आपण' सगळ्यांना पोटात घेतो असं भासतं. राष्ट्र शोकात एक, आनंदात एक. नोकरी सुटली तरी हा शब्द तिच्या हाताला चिकटून राहिला. म्हणून एकीकडे असुरक्षितांचा कळवळा, आणि दुसरीकडे नको असलेलं गरोदरपण पोटात घेऊन दुसऱ्या राज्याची वाट धरणारी पोर त्या असुरक्षितांच्या यादीतच नाही.

अमेरिकेच्या जगण्यावर एका बाईनं कसं लिहावं, याचा धडा आपल्याला तिकडून आणायची गरजही नाही. पंडिता रमाबाईंनी तो मराठीत घालून दिलेला आहे. १८८६ च्या मार्चमध्ये त्या आनंदीबाई जोशींच्या पदवीदानासाठी फिलाडेल्फियाला गेल्या आणि १८८८ पर्यंत त्या देशात हिंडल्या, बोलल्या, विधवांच्या शाळेसाठी पैसा उभा केला. १८८९ साली 'युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त' प्रसिद्ध झालं. त्यात कौतुक भरपूर आहे, स्त्रियांच्या स्थितीवर तर मोठं प्रकरण आहे. कोणत्या शिक्षणाची दारं बायकांनी कशी ढकलून उघडली, संघटना कशा बांधल्या, हे त्या बारकाईनं सांगतात. पण त्याच पुस्तकात काळ्या लोकांना मिळणारी वागणूक आहे, तिथल्या मूळच्या रहिवाशांवर झालेला अन्याय आहे. पाहुणचार केला म्हणून त्यांनी डोळे मिटले नाहीत. त्यांची ऊठबस मुख्यतः शिकलेल्या गोऱ्या बायकांत होती, त्याच्या खुणा पुस्तकात दिसतात, हेही खरं. तरीही ते लिहिणं कुणा पुरुषाच्या तोंडी घालण्यासाठी नव्हतं आणि कुणा सरकारला खूष करण्यासाठी नव्हतं. मुंबईत त्याच वर्षी शारदा सदन उघडणारी बाई आपल्या भाषेत, आपल्या लोकांना, आपल्या कामासाठी सांगत होती. पुलित्झरपेक्षा मला हे मोठं वाटतं.

आता परत आपल्या गावच्या सरपंचबाईच्या कागदाकडे. तो कागद तिला का लागतो? ती मुकी आहे म्हणून? नळावरच्या भांडणात तिचं बोलणं ऐका. "आमले पानी जोयजे" हे अहिराणीत म्हणताना ती एकदाही अडखळत नाही. कोकणी, मावची, भिली बोलणारी बाई तर त्याहून ठासून बोलते. अडखळते ती 'उपरोक्त विषयास अनुसरून' या ठिकाणी. ग्रामसेवकाची मराठी, तालुक्याची मराठी, पाहुण्यांसमोरची मराठी तिची नाही. कागदाची गरज अशी तयार केली जाते आणि मग तो पुरवायला मालक हजर. नवापूर भागातल्या नजूबाई गावितांनी 'तृष्णा' लिहिली, ती काय कुणी लिहून दिली म्हणून? शहादा भागात १९७०च्या दशकात दारूची मडकी फोडणाऱ्या भिल्ल बायकांनी कुणाकडून मसुदा मागवला होता?

आणि हा प्रश्न फक्त नवऱ्यांना विचारून भागणार नाही. मोर्चातलं निवेदन कोण लिहितं? 'आम्ही खालील सह्या करणाऱ्या भगिनी' हे वाक्य कुठल्या भगिनीनं आयुष्यात कधी उच्चारलंय? शहरातून आलेली ताई चांगली असते, तळमळीची असते, रात्र जागून निवेदन लिहिते, आणि सकाळी चाळीस अंगठे त्याखाली उमटतात. ज्या संघटना हे करतात त्यांनी नूननचा विचार करावा. हेतू तिचाही वाईट नसेल. मालकाचा कागद गेला आणि ताईंचा आला, तर बाईच्या हातात अजूनही कागदच आहे.

केंद्राच्या पंचायतराज मंत्रालयानं नेमलेल्या समितीनं २०२५ मध्ये बायकोच्या नावावर कारभार करणाऱ्यांना जबर दंड करावा अशी शिफारस केली. करोत. दंडाची पावती कुणाच्या पैशातून फाटेल ते मी सांगायला नको. त्यापेक्षा जे हातात आहे ते वापरू या. ग्रामसभेआधी महिला सभा घ्यायची, हे महाराष्ट्रात कायद्यानं बंधनकारक आहे. ती बहुतेक ठिकाणी फक्त वहीत होते. ती खरोखर भरवायची. तिथे बोलणं अहिराणीत, कोकणीत, ज्या बोलीत तोंड उघडतं त्या बोलीत. प्रोसिडिंग लिहिणारा जे लिहील ते त्यानं तिथल्या तिथे मोठ्यानं वाचून दाखवायचं, आणि "मी हे बोलले नाही" असं एकीनं जरी म्हटलं तरी ते वाक्य खोडायचं. वही बंद झाल्यावर सही नाही, अंगठा नाही. नवरे दाराबाहेर. संघटनेच्या ताई असल्याच तर खाली सतरंजीवर बसतील आणि विचारल्याशिवाय बोलणार नाहीत.