“मला काय धाड भरलीय!”

घरातली बाई आजारी आहे की नाही, हे आपल्या घरात ठरते कसे? कुणी विचारलेच तर ती म्हणते, “मला काय धाड भरलीय!” आणि विषय तिथेच संपतो. या उत्तराला किती किंमत द्यायची, याचा एक जुना दाखला आम्ही वाचक बंधू-भगिनींपुढे ठेवत आहोत.

१९४३ साली बंगालमध्ये भीषण दुष्काळ पडला. लाखो माणसे भुकेने आणि रोगराईने मेली. पुढच्याच वर्षी कलकत्त्याच्या ऑल इंडिया इन्स्टिट्यूट ऑफ हायजीन अँड पब्लिक हेल्थ या संस्थेने जवळच्या सिंगूर भागात पाहणी केली. तुमची प्रकृती कशी आहे, असे लोकांनाच विचारले. बायको वारलेल्या पुरुषांपैकी ४८.५ टक्क्यांनी आपण आजारी आहोत किंवा प्रकृती यथातथाच आहे, असे सांगितले. नवरा वारलेल्या बायकांत असे सांगणाऱ्या निघाल्या फक्त २.५ टक्के! दुष्काळात विधवेच्या ताटात काय उरले असेल, हे आमच्या माता-भगिनींना वेगळे सांगायला नको. त्या ठणठणीत नव्हत्या. दुखणे अंगावर काढायची सवय एवढी मुरली होती, की ते दुखणे वाटतच नव्हते.

अर्थशास्त्रज्ञ अमर्त्य सेन यांनी हा दाखला अनेकदा दिला. २००२ साली त्यांनी केरळ आणि बिहारचीही तुलना मांडली. केरळमध्ये माणसे जास्त जगतात, पण आजाराची तक्रारही तिथेच जास्त. बिहारमध्ये आयुष्य कमी आणि तक्रारही कमी! शाळा शिकलेला, दवाखाना जवळ असलेला माणूस आजाराला आजार म्हणतो, एवढाच याचा अर्थ.

मग यंत्र सांगेल तेच खरे का? तसेही नाही. कंबरदुखी किंवा मनातली घालमेल मोजणारे यंत्र आम्ही तरी पाहिलेले नाही. तिथे माणसाचेच ऐकावे लागते. आणि यंत्रही चुकते. कोरोनात घरोघरी आलेला बोटाला लावायचा ऑक्सिमीटर आठवा. अमेरिकेत २०२० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसले, की रक्तातला प्राणवायू घटलेला असूनही तो ठीक दाखवण्याची चूक हे यंत्र गोऱ्यांपेक्षा काळ्या रुग्णांच्या बाबतीत जवळजवळ तिप्पट वेळा करत होते.

पण रक्त कमी आहे का, हे मात्र तपासूनच कळते. गरोदर नसलेल्या बाईचे हिमोग्लोबिन १२ च्या खाली गेले, की तो रक्तक्षय. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयाच्या ५७ टक्के बायकांना तो आढळला. म्हणून “बरी आहेस ना?” असे विचारू नका, त्याचे उत्तर ठरलेले असते. पाण्याची कळशी घेऊन जिना चढताना धाप लागते का, उठताना डोळ्यांपुढे अंधारी येते का, असे विचारा. रक्त तपासायला ती एकटी जाणार नाहीच. सोबत घरातल्या कुणीतरी जावे.