डीपी दारात, हरकत मात्र 'मालका'ची!

दोन माणसे माझ्या अंगणात खड्डा खणायला आली तेव्हा दुपार होती. गल्लीतले पुरुष कामावर गेलेले. डीपीसाठी खांब रोवायचे म्हणाली. मी कचेरीत धावले, तर साहेब म्हणाले, "ताई, घर कुणाच्या नावावर आहे? मालकाला पाठवा." म्हणजे डीपीखाली पोरे खेळवायची मी, आणि हरकत घ्यायचा हक्क कागदावरच्या मालकाला!

मैत्रिणींनो, हा कायदा नव्हे, ही सवय आहे. २००३ च्या वीज कायद्याखाली २००६ साली नियम झाले. आपल्या इमारतीला लागून किंवा जागेत तारा, खांब टाकायचे तर 'मालक किंवा भोगवटादार' यांची आधी संमती हवी. हरकत आली तर जिल्हाधिकारी, पोलीस आयुक्त किंवा सरकारने नेमलेला अधिकारी यांची लेखी परवानगी हवी. काम झाल्यावरही सबळ कारण दाखवले, तर ते हलवण्याचा हुकूम हे अधिकारी देऊ शकतात. आणि भोगवटादार कोण? त्या घरात दिवसरात्र राबते तीच ना!

पळवाटाही आहेत. टेलिग्राफ कायद्याचे अधिकार ज्यांना कलम १६४ खाली मिळाले आहेत, त्यांना आधी संमती घ्यावी लागत नाही. डीपी सार्वजनिक रस्त्यावर असेल तरी आपल्या संमतीचा मुद्दा टिकत नाही. तिथे अंतर मोजून घ्या. ११ हजार व्होल्टची उघडी तार घरापासून आडवी किमान १.२ मीटर आणि घराच्या सर्वांत उंच भागापासून वर किमान ३.७ मीटर हवी. ओले कपडे वाळत घालताना तार हाताला लागेल असे वाटत असेल, तर तो मनाचा खेळ नाही, नियमभंग असू शकतो.

"तार आधी होती, घर तुम्ही नंतर बांधले," हे उत्तर आपल्या छत्रपती संभाजीनगरच्या गुंठेवारीत हमखास मिळते. घर नंतरचे असेल तर तार हलवण्याचा खर्च बांधणाऱ्यावर पडतो, हे खरे. पण तारेखालचा वीस बाय तीसचा तुकडा विकणारा पैसे घेऊन गेला. २००१ च्या गुंठेवारी कायद्याने वस्त्या नियमित करायचे ठरले. मग डोक्यावरची तार तेवढी कुणाच्याच हिशेबात का नाही?

मध्य प्रदेश वीज मंडळ विरुद्ध शैल कुमारी या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली सांगितले, की तुटलेल्या तारेने माणूस मेला तर चूक सिद्ध झाली नाही तरी मंडळ जबाबदार. निकाल मोलाचा आहे. पण त्यावर बाईचे नाव लागले ते नवरा गेल्यावर, विधवा म्हणून!

आपले नाव कागदावर यायला घरात कुणी मरावे लागावे का? हरकतीचा अर्ज आजच लिहू या. सही आपली, नावापुढे 'भोगवटादार'. आणि पोच घेतल्याशिवाय कचेरीतून उठायचे नाही!