पाटी कंपनीची, बोजा सातबाऱ्यावर

मागच्या बाजाराच्या दिवशी एक ओळखीचे शेतकरी कार्यालयात आले. काम हुमणीचं होतं, ते पाच मिनिटांत झालं. मग त्यांनी पिशवीतून एक गुळगुळीत रंगीत पुस्तिका काढून टेबलावर ठेवली. म्हणाले, "साहेब, पोरगा म्हणतो चहाची फ्रँचायझी घेऊ. पाच लाखांत सगळं बसतंय. महिन्याला साठ हजार सुटतात असं यात छापलंय. रानावर बोजा चढवावा लागंल तेवढा. घेऊ का?"

माझा विषय खतं, बियाणं, कीड-रोग. चहाच्या दुकानाचं मला काय कळतं, असं सांगून मोकळं होता आलं असतं. पण हाच माणूस बैल घ्यायला गेला, तर दात पाहील, चार पावलं चालवून पाहील, जू ठेवून पाहील, आणि तरी दोन बाजार मागे परत येईल. इथे मात्र एका पुस्तिकेवर विसंबून दोन एकर काळं रान गहाण टाकायला निघालेला. म्हणून पुस्तिका ठेवून घेतली आणि रात्री घरी हिशेब मांडला. तोच आज या पानावर देतो आहे, कारण असे बाप-लेक आपल्या जिल्ह्यात दोघंच नाहीत.

पोराचंही चुकतं असं म्हणवत नाही. सोयाबीन-कांद्याच्या भावानं घरोघरी काय केलं ते सगळ्यांना माहीत आहे. शिकलेल्या पोराला "शेती करतो" एवढ्यावर मुलगी देत नाहीत. दुकानाची पाटी असली की पाहुणे निदान चहाला तरी थांबतात. एस. टी. स्टँडपासून मार्केट यार्डाच्या फाटकापर्यंत चालत गेलं, तर चकचकीत पाट्यांची दुकानं सहज नजरेत भरतात. चहा, वडापाव, केक, दूध, औषधं, कुरियर. यातली बरीच पोरं खेड्यातून आलेली आहेत.

फ्रँचायझी म्हणजे काय, ते आपल्या लोकांना समजावून सांगायला लांब जायला नको. कराराच्या ब्रॉयलर कोंबड्या बऱ्याच जणांनी पाळल्या आहेत. पिल्लू कंपनीचं, खाद्य कंपनीचं, औषध कंपनीचं. शेड आपलं, लाईट आपली, रात्रीची जाग आपली. पक्षी उचलताना किलोमागे ठरलेली मजुरी मिळते. खाद्य जास्त लागलं, मर वाढली, तर कापून मिळते. फ्रँचायझीचं दुकानही याच जातीचं. नाव त्यांचं, मालाची कृती त्यांची, विक्रीचा दर त्यांनी ठरवलेला. गाळा, डिपॉझिट, कामगार, कर्ज आणि तोटा आपला. एक फरक मात्र लक्षात ठेवा. ब्रॉयलरमध्ये पिल्लाचे पैसे कंपनी घालते, इथे नाव वापरायचे पैसे आधी आपण मोजतो. मालक म्हणून गल्ल्यावर बसायचं आणि मालकाचा निर्णय एकही घ्यायचा नाही, असा हा धंदा आहे. ज्याला हे मान्य असेल त्यानंच पुढे जावं. काहींना ते मानवतंही. सगळं ठरलेलं असतं, डोकं चालवावं लागत नाही, नावामुळे पहिल्या दिवसापासून गिऱ्हाईक येतं.

आता हिशेब. आकडे माझे, अंदाजाचे. आपापल्या गावचे घालून पाहावेत. कप दहा रुपयांचा धरला. त्यात दूध, साखर, कंपनीकडूनच घ्यायची पूड, कागदी कप आणि गॅस मिळून साडेपाच रुपये जातात. राहिले साडेचार. गाळ्याचं भाडं १२ हजार, दोन पोरांचा पगार २० हजार, लाईटबिल ३ हजार. असे महिन्याला ३५ हजार रुपये कप विकला काय, न विकला काय, द्यावेच लागतात. पाच लाखांचं कर्ज ११ टक्क्यांनी पाच वर्षांसाठी घेतलं, तर हप्ता बसतो जवळपास १० हजार ९००. दोन्ही मिळून ४५ हजार ९००. म्हणजे रोज ३४० कप विकले जातील तेव्हा दुकान शून्यावर येईल. त्या दिवसापर्यंत मालकाच्या घरात एक रुपया येत नाही.

रोज ३०० कप म्हणजे काही वाईट धंदा नव्हे. तरी महिन्याला ५ हजार ४०० रुपयांची खोट आहे, आणि ती शेतातून भरायची आहे. ५०० कप विकले, तर २१ हजार ६०० सुटतात. चौदा तास दुकान उघडं धरलं, तर पावणेदोन मिनिटांच्या आत एक कप विकला गेला पाहिजे. महिन्याचे तीसही दिवस, अमावस्येला आणि एस. टी.च्या संपातसुद्धा. विक्रीवर पाच टक्के रॉयल्टी असेल, तर त्यातले साडेसात हजार कंपनीला जातात आणि हातात राहतात १४ हजार १००. एवढ्यावर पोरगा पहाटे पाचला शटर उघडणार आणि रात्री भांडी घासून झोपणार. पुस्तिकेतले साठ हजार कुठून आले, हे मी दोनदा शोधलं. त्यात भाडं धरलेलं नाही, हप्ता धरलेला नाही, आणि रोजचे कप धरलेत ८००. आमच्या तालुक्याच्या गावी ८०० कप जातात, नाही असं नाही. पण ते आठवडे बाजाराच्या दिवशी.

पुस्तिकेत आणखी काही बारीक अक्षरात होतं, काही नव्हतंच. फ्रँचायझी फी तीन लाख, त्यावर १८ टक्के जीएसटी म्हणजे ५४ हजार, तो वरचा. म्हणजे पाच लाखांतले साडेतीन लाख नुसत्या नावाचे गेले. राहिलेल्या दीड लाखात फर्निचर, फ्रीज, शेगड्या, गाळ्याचं डिपॉझिट कसं बसवायचं, ते ज्यानं पुस्तिका छापली त्यालाच ठाऊक. ही फी परत मिळत नाही. दुकान सहाव्या महिन्यात बंद पडलं, तरी नाही. फर्निचर कंपनीच्या माणसाकडूनच, कंपनीच्या रंगाचं. उद्या विकायला काढलं तर त्या रंगाचं काउंटर घेणार कोण?

खरी मेख करारनाम्यात असते. फ्रँचायझीसाठी म्हणून आपल्या देशात वेगळा कायदा नाही. १८७२ चा करार कायदा हाच मुख्य आधार, म्हणजे ज्यावर सही केली ते बांधील. अमेरिकेत १९७९ पासून असा नियम आहे की सही करण्याच्या किंवा पैसे घेण्याच्या आधी कंपनीनं आपली सगळी माहिती लेखी हातात दिली पाहिजे; आता त्याची मुदत निदान १४ दिवसांची आहे. चालू असलेल्या आणि सोडून गेलेल्या दुकानदारांचे पत्तेसुद्धा त्यात असतात. आपल्याकडे तसं बंधन नाही, म्हणून ते काम आपणच करायचं. करारनामा आधी मागा. "आधी टोकन भरा, मग करार दाखवतो" असं ऐकलं, की तिथूनच परत फिरा. हाती आला तर मराठीत समजावून घ्या. गावात वकील नसला तरी तालुक्याला आहे, त्याला हजार-दोन हजार देताना हात आखडू नका. किती अंतरात दुसरं दुकान देणार नाही हे त्यात लिहिलंय का? नसेल, तर धंदा चालल्यावर स्टँडच्या पलीकडच्या बाजूला तीच पाटी दुसऱ्याच्या नावानं लागू शकते. मुदत किती वर्षांची आणि नूतनीकरणाला पुन्हा फी किती? पूड-मसाल्याचा दर कंपनी मनाला येईल तेव्हा वाढवू शकते का? मुदतीआधी सोडलं तर दंड किती? आणि तंटा झाला तर लवाद कुठल्या शहरात? आमच्या शेतकऱ्याच्या पुस्तिकेत शेवटच्या पानावर लवादाचं ठिकाण दुसऱ्या राज्यातलं होतं. तालुक्याच्या कोर्टात जाता जाता माणूस थकतो, तिथे दोन रात्रींचा प्रवास करून कोण भांडणार?

सगळ्या कंपन्या एका माळेच्या मणी नव्हेत, हेही सांगितलं पाहिजे. गुजरातच्या दूध महासंघाची अमूलची दुकानं घ्या. तिथे रॉयल्टी घेत नाहीत, आणि मोबदल्याचं प्रमाण त्यांनी उघड छापलंय: पिशवीच्या दुधावर अडीच टक्के, दुग्धपदार्थांवर दहा, आइस्क्रीमवर वीस. साठ रुपयांच्या लिटरमागे अडीच टक्के म्हणजे दीड रुपया. आपले दूध उत्पादक हा आकडा लगेच ओळखतील. नुसत्या दुधावर गाळ्याचं भाडं निघत नाही, पण दूध न्यायला आलेलं गिऱ्हाईक दही-लोणी घेऊन जातं म्हणून दुकान चालतं. नफा थोडा, पण लपवलेला नाही. ज्या कंपनीचा हिशेब असा चार ओळींत मांडता येतो, तिच्याशी निदान बोलावं.

आमच्या खात्याशी संबंधित एक प्रकार अलीकडे वाढलाय, तो वेगळा सांगतो. कृषी सेवा केंद्रांच्या साखळ्या निघाल्या आहेत. पाटी कंपनीची, पण बियाणं, खत आणि कीटकनाशकाचे परवाने ज्याच्या नावावर, जबाबदारी त्याची. गुण नियंत्रणाच्या निरीक्षकानं नमुना घेतला आणि तो अप्रमाणित निघाला, तर नोटीस दुकानदारालाही येते. "माल कंपनीनं पाठवला" एवढं सांगून सुटका होत नाही. शिवाय परवान्याला शिक्षणाची अट आहे. पदवी-पदविकेच्या दुसऱ्याच पोराच्या कागदावर परवाना काढून देणारे दलाल फिरतात, त्यांच्या नादी लागू नये. आणि उधारी! चहावाल्याची उधारी शंभराची, कृषी केंद्राची लाखाची. पाऊस गेला की वसुली गेली, कंपनीला मात्र रोख भरलेलं असतं.

सगळ्यात वाईट प्रकार म्हणजे जिथे दुकानही नसतं आणि मालही नसतो. दूध संघांच्या, पेट्रोल पंपांच्या नावानं हुबेहूब खोट्या वेबसाईट काढून नोंदणी फी लाटणाऱ्या टोळ्या आहेत. कंपन्यांनी स्वतः तसे इशारे दिले आहेत. सरकारी तेल कंपन्या जाहिरात देऊन अर्ज मागवतात, फोन करून पंप वाटत नाहीत. आणि "पक्षी आम्ही देतो, अंडी आम्हीच घेतो" ही हमी तर आपण जवळून पाहिली आहे. तमिळनाडूत इरोड भागात २०१२ मध्ये इमूच्या नावाखाली हेच झालं, आणि २०१९ मध्ये सांगली जिल्ह्यात इस्लामपूरहून सुरू झालेल्या कडकनाथच्या योजनेत आपल्याच लोकांचे पैसे अडकले. त्या वेळी आमच्यापैकी काहींनी आधी बोलायला हवं होतं. कोंबडीचं तंत्र सांगत बसलो, कराराचं बोललो नाही. माझ्याही हातून ती चूक झाली आहे. एका गावात मी कडकनाथच्या खाद्यावर पाऊण तास बोललो आणि अंडी घेणार कोण, हे विचारलंच नाही.

कर्जाचं एक. मुद्रा योजनेतलं कर्ज विनातारण असतं, २०१५ पासून आहे. धंदा चालण्यासारखा असेल, तर बँकेत त्या वाटेनं आधी जावं. बँकेनं हिशेब पाहून नाही म्हटलं तर राग येतो, पण फुकटात एका जाणत्या माणसानं आपला हिशेब तपासून दिला असं समजावं. तिथून थेट पतसंस्थेत जाऊन रान लावून द्यायचं, हे बरं नव्हे. तलाठी भाऊसाहेब (आता ग्राम महसूल अधिकारी म्हणायचं) इतर हक्कात बोजा चढवताना कारण विचारायला बांधील नाहीत, तरी ओळखीच्या माणसाला दोन शब्द विचारायला कुणाची मनाई नाही. ग्रामपंचायतींनाही एक विनंती. ग्रामसभेत किंवा पंचायतीच्या हॉलमध्ये अशा कंपन्यांचे मेळावे भरवायला जागा देताना त्यांच्याकडून करारनाम्याची प्रत मागून फलकावर लावावी. ज्यांना ती लावायची नसेल, ते हॉलही मागणार नाहीत.

त्या शेतकऱ्याला मी दोन कामं सांगितली. पोराला घेऊन याच कंपनीच्या तीन दुकानांत जा, आणि चौथं असं दुकान शोधा जे बंद पडलंय. चालू दुकानदार खरं सांगेलच असं नाही, त्यालाही आपलं दुकान दुसऱ्याच्या गळ्यात मारायचं असू शकतं. बंद पडलेला मोकळेपणानं बोलतो. दुसरं, पोरानं आधी दोन महिने कुणाच्या तरी चहाच्या दुकानात पगारावर राहावं.

परवा ते पुन्हा भेटले. बंद पडलेलं दुकान शेजारच्याच तालुक्यात सापडलं. त्या पोरानं चहा पाजला, तोही टपरीवरचा, आणि आपली वही दाखवली. अकरा महिन्यांची. यांच्या पोरानं त्या वहीचे मोबाईलवर फोटो काढून आणलेत आणि सध्या तो घरी हिशेब मांडत बसलाय. कंपनीच्या माणसाचे दिवसातून दोन फोन येतात, महिनाअखेरीनंतर फी वाढणार म्हणून. करारनाम्याची प्रत मागितली आहे. ती अजून आलेली नाही.